तेरा नोंदी, आणि त्यातल्या पाचच त्या मुलाच्या

गेल्या महिन्यात एका रविवारी सकाळी इचलकरंजीहून ताईचा फोन आला. "अरे, माझ्या खात्यातून गेमसाठी कुणीतरी पैसे काढतंय, आणि ह्यांनी काल रात्री पोराला मारलं," एवढेच ती बोलली आणि रडू लागली. दुपारी मी सांगलीहून तिच्याकडे पोहोचलो तेव्हा पासबुक उघडेच होते. भाओजींनी ते शनिवारी यंत्रावर भरून आणले होते आणि दोन महिन्यांतल्या तेरा नोंदींखाली लाल पेनाने रेघा ओढल्या होत्या. प्रत्येक ओळीत आधी यूपीआयची खूण, मग बारा आकडी संदर्भ क्रमांक आणि शेवटी एका ॲप स्टोअरचे अर्धवट छापलेले नाव होते. कोणता खेळ, काय घेतले, कुणी घेतले, यातले काहीही त्या ओळीत नव्हते. तेरा नोंदींची बेरीज २,९५२ रुपये झाली. बारा वर्षांचा भाचा दाराआड उभा होता. त्याला जवळ बसवून पासबुक पुढे ठेवले, तेव्हा त्याने एकेक करून पाच ओळींवर बोट ठेवले आणि म्हणाला, "मामा, ह्या माझ्या. बाकीच्या आठ मी नाही केल्या." भाओजींचा त्यावर विश्वास बसला नाही. माझा बसला, कारण त्याचे म्हणणे पासबुकाशी तंतोतंत जुळत होते.

त्याने दाखवलेल्या नोंदी ८०, २४०, २४०, ४०० आणि ८०० रुपयांच्या होत्या आणि त्यांच्यात कधी दोन दिवसांचे, तर कधी पंधरा दिवसांचे अंतर होते. उरलेल्या आठही नोंदी १४९ रुपयांच्या आणि प्रत्येक गुरुवारच्या होत्या. खेळातले हिरे, म्हणजे खेळातच वापरायचे आभासी चलन, संपले की मूल नवे हिरे घेते, ते वार पाहून खरेदी करत नाही. ठरलेल्या वारी, ठरलेलीच रक्कम जाते ती वर्गणीची. ताईच्या फोनमधले यूपीआय ॲप उघडून ऑटोपेची, म्हणजे आपोआप जाणाऱ्या रकमांची यादी पाहिली, तर फळे जुळवण्याच्या एका खेळाचे साप्ताहिक मॅन्डेट, म्हणजे दर आठवड्याला पैसे वजा करण्याची आगाऊ परवानगी, तिथे चालू स्थितीत होते. तो खेळ ताई स्वतः दुपारी खेळते. मधल्या जाहिरातींना कंटाळून तिने "तीन दिवस मोफत" असे लिहिलेले बटण दाबले होते आणि त्या वेळी पिनही टाकला होता. मोफत गोष्टीसाठी पिन कशाला, हे तिला तेव्हा कळायला हवे होते, असे मी मुळीच म्हणणार नाही. "मोफत" हा शब्द ठळक आणि त्यानंतर दर आठवड्याला किती रुपये जाणार तो आकडा फिक्या, बारीक अक्षरांत, अशी मांडणी मुद्दाम केलेली असते. केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने ३० नोव्हेंबर २०२३ रोजी अशा १३ फसव्या मांडण्यांची यादी जाहीर केली, त्यात वर्गणीच्या सापळ्याचा स्वतंत्र उल्लेख आहे. आपोआप वजा होणाऱ्या रकमेची सूचना २४ तास आधी दिली पाहिजे, असा रिझर्व्ह बँकेचा नियमही आहे. ताईला त्या सूचना आल्याही होत्या, पण इंग्रजीत, आणि कर्ज देऊ करणाऱ्या पंचवीस संदेशांच्या गर्दीत.

मी एकोणीस वर्षे कर सल्लागार म्हणून लोकांचे खाते उतारे वाचत आलो आहे आणि गेल्या चार-पाच वर्षांत खेळांच्या नोंदी जवळजवळ प्रत्येक घराच्या उताऱ्यात दिसू लागल्या आहेत. अशी अनोळखी नोंद दिसली की माणसे ती ओळ नीट वाचण्याआधीच निकाल देऊन मोकळी होतात: एक तर खाते हॅक झाले, नाही तर पोराने पैसे उडवले. माझे कळकळीचे सांगणे एवढेच आहे की कुणावरही ठपका ठेवण्याआधी त्या खरेदीचे बटण कुणी दाबले हे शोधा, कारण पैसे परत मिळवण्याची वाट त्यावरच ठरते, आणि प्रत्येक वाटेवरची मुदत वेगळी आहे.

ओळखण्यात पहिली अडचण नावाची असते. फोनवर दिसते ते खेळाचे नाव, आणि उताऱ्यावर छापले जाते ते कंपनीचे किंवा ॲप स्टोअरचे. कँडी क्रश खेळणाऱ्या बाईंना "किंग" हे नाव अनोळखीच वाटणार, क्लॅश ऑफ क्लॅन्समागची कंपनी सुपरसेल आहे हे घरातल्या मुलाला माहीत असते पण आजोबांना नसते, आणि बीजीएमआय या खेळाची कंपनी क्राफ्टन आहे हेही तसेच. कार्डाच्या उताऱ्यावर गूगलच्या नावापुढे चांदणीची खूण आणि त्यानंतर ॲपचे किंवा ते बनवणाऱ्याचे नाव येते, म्हणजे थोडा तरी सुगावा लागतो. ॲपलच्या बाबतीत मात्र खेळ असो, गाणी असोत किंवा फोटो साठवण्याची जागा, ओळ एकच, "ॲपल डॉट कॉम बिल". परदेशी दुकानातली खरेदी असेल, तर परकीय चलनाचे शुल्क आणि त्यावरचा जीएसटी अशा आणखी ओळी मागून येतात, आणि त्या वेगळ्याच चोऱ्या आहेत असे समजून माणूस अधिक घाबरतो.

म्हणून उतारा हातात घेऊन तर्क लढवत बसण्यापेक्षा पावती शोधावी. गूगल प्लेवरच्या प्रत्येक खरेदीची पावती त्या खात्याच्या ईमेलवर येते आणि तिच्यावर जीपीए या अक्षरांनी सुरू होणारा क्रमांक, खेळाचे नाव आणि वेळ असते; ॲपलच्या खरेदीचा इतिहासही फोनच्या सेटिंगमध्ये पाहता येतो. तारीख आणि रक्कम जुळवली की बहुतेक नोंदींचा उलगडा दहा मिनिटांत होतो. मात्र घरातले सगळे फोन आणि सगळी ईमेल खाती तपासावी लागतात. आपण जुना फोन मुलांच्या हाती देतो आणि त्यात आईचे किंवा काकांचे खाते तसेच चालू राहते, ही गोष्ट मी इतक्या घरांत पाहिली आहे की आता पहिला प्रश्न तोच विचारतो.

पावती कुठल्याही खात्यात सापडली नाही, तर मात्र क्षणभरही थांबू नये. सांगलीतल्या माझ्या एका अशिलाच्या क्रेडिट कार्डावर पहाटे पावणेतीनला परदेशातल्या एका गेम स्टोअरची अगदी किरकोळ रक्कम पडली आणि पुढच्या अकरा मिनिटांत चार मोठ्या रकमा गेल्या. चोरलेले कार्ड जिवंत आहे की नाही हे आधी लहान रकमेने तपासण्याची ही रीत आहे. खेळांची दुकाने चोराला सोयीची पडतात, कारण तिथला माल पत्ता न देता तत्काळ हाती येतो आणि पुढे विकताही येतो. शिवाय परदेशी दुकानातल्या व्यवहारासाठी प्रत्येक वेळी ओटीपी लागतोच असे नाही. या गृहस्थांनी सकाळी सहाला उठल्याबरोबर संदेश पाहिले, कार्ड बंद केले, बँकेच्या हेल्पलाइनवर तक्रार नोंदवून तिचा क्रमांक लिहून घेतला आणि तीच तक्रार ईमेलनेही पाठवली. रक्कम दुसऱ्या आठवड्यात त्यांच्या खात्यावर जमा झाली. अशाच दुसऱ्या एका गृहस्थांनी बँकेकडे जुना मोबाइल क्रमांक तसाच ठेवला होता, त्यामुळे त्यांना चोरी कळली ती महिन्याचा उतारा हाती आल्यावर, आणि त्यांचे भांडण आजही मिटलेले नाही.

या दोघांच्या नशिबातला फरक रिझर्व्ह बँकेच्या ६ जुलै २०१७ च्या परिपत्रकात आहे, आणि ते प्रत्येक खातेदाराला तोंडपाठ असायला हवे असे मला वाटते. चूक ना तुमची ना बँकेची, तिसऱ्याच कुणी घुसून पैसे काढले, आणि तुम्ही बँकेचा संदेश मिळाल्यापासून तीन कामकाजाच्या दिवसांत कळवले, तर तुमच्यावर एका पैशाचाही भार पडत नाही. चार ते सात कामकाजाच्या दिवसांत कळवले, तर साध्या बचत खात्याला जास्तीत जास्त १०,००० रुपयांपर्यंतचा भार येऊ शकतो, आणि त्यानंतर सगळे त्या बँकेच्या धोरणावर सोपवलेले आहे. तक्रार मिळाल्यापासून दहा कामकाजाच्या दिवसांत बँकेने रक्कम तात्पुरती जमा करायची असते, ९० दिवसांत निकाल द्यायचा असतो, आणि व्यवहार ग्राहकानेच केला हे सिद्ध करण्याची जबाबदारी बँकेवर असते. शाखेत "बघतो, लिहून ठेवतो" असे उत्तर मिळाले, तर तक्रार क्रमांक घेतल्याशिवाय तिथून उठू नका. सायबर गुन्ह्यांसाठीच्या १९३० या क्रमांकावरही त्याच दिवशी कळवावे. ३० दिवसांत बँकेने दाद दिली नाही, तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जाता येते, आणि त्यासाठी वकील लागत नाही.

भाच्याच्या पाच नोंदी मात्र या परिपत्रकात बसत नाहीत, आणि इथेच मला सगळ्यात जास्त चुकीचे सल्ले ऐकू येतात. बँकेतल्या एका कर्मचाऱ्याने भाओजींना सांगितले होते, "फ्रॉड म्हणून अर्ज द्या, पैसे येतील." ताईच्याच फोनवरून, ताईच्याच पिनने झालेल्या व्यवहाराला तिसऱ्याने केलेली चोरी म्हणणे खोटे आहे. ते उघडकीला येते, आणि मग खऱ्या चोरीच्या वेळी आपला शब्द हलका पडतो. शिवाय कंपन्या अशा तक्रारींवर कसे वागतात याचे मोठे उदाहरण अमेरिकेत घडले आहे. फोर्टनाइट हा खेळ बनवणाऱ्या एपिक गेम्सविरुद्ध तिथल्या फेडरल ट्रेड कमिशनने नकळत होणाऱ्या खरेदीबद्दल आणि मुलांच्या खासगी माहितीबद्दल कारवाई केली आणि डिसेंबर २०२२ मध्ये कंपनीने ५२ कोटी डॉलर देण्याचे मान्य केले. त्यातले २४.५ कोटी ग्राहकांना परत करण्यासाठी होते. कमिशनच्या आरोपांतला एक असा होता की ज्यांनी कार्ड कंपनीकडे दाद मागितली, त्यांची खेळाची खातीच कंपनीने बंद केली. मुलाने केलेल्या खरेदीसाठी आधी ॲप स्टोअरकडेच परतावा मागावा, असे मी म्हणतो ते यासाठी.

तिथली मुदत फार आखूड आहे. गूगल प्लेवर खरेदीपासून ४८ तासांच्या आत थेट गूगलकडे विनंती करता येते आणि नंतर बहुधा खेळ बनवणाऱ्याकडे जावे लागते. ॲपलचे "रिपोर्ट अ प्रॉब्लेम" नावाचे स्वतंत्र पान आहे. स्टीम या संगणकावरच्या खेळांच्या ऑनलाइन दुकानातून घेतलेला खेळ १४ दिवसांच्या आत आणि दोन तासांपेक्षा कमी खेळला असेल तरच परत करता येतो. म्हणजे आपण घरात दोन दिवस चिडाचिडीत घालवले, तर परताव्याची सोपी वाट तेवढ्यातच बंद झालेली असते.

गेल्या वर्षी ऑनलाइन पैशांच्या खेळांवर बंदी घालणारा कायदा संसदेने संमत केला आणि २२ ऑगस्ट २०२५ रोजी त्याला राष्ट्रपतींची संमती मिळाली, तेव्हापासून "आता गेमचे पैसे जातातच कसे?" असे बरेच जण विचारतात. तो कायदा पैसे लावून पैसे जिंकण्याच्या खेळांबद्दल आहे. हिरे, पोशाख, जाहिराती हटवण्याची वर्गणी ही साधी खरेदी आहे आणि ती आजही चालू आहे. पण बंदी आलेल्या प्रकारचा, पैजेचा खेळ उताऱ्यावर दिसला, तर ती बाब निराळी आणि अधिक गंभीर आहे.

मुलाला पिन कसा ठाऊक झाला, हा प्रश्न भाओजींनी मला रागाने विचारला. उत्तर ताईने दिले. किराणा दुकानात पैसे चुकते करायला तीच त्याला फोन देऊन पाठवत होती, आणि दीड वर्ष तो ते काम चोख करत होता. केंद्रीय शिक्षण मंत्रालयाने डिसेंबर २०२१ मध्ये पालकांना आणि शिक्षकांना जे आवाहन केले, त्यात परवानगीशिवाय खेळातली खरेदी होऊ देऊ नका आणि ॲपमध्ये कार्ड नोंदवून ठेवू नका असे स्पष्ट म्हटले आहे. पिन हाती देऊन ठेवणे हा त्याच्या पुढचाच प्रकार झाला. शंभर रुपयांची साखर आणि शंभर हिरे यांत फरक काय, हे त्या मुलाला कुणी समजावलेच नव्हते. पैसे दोन्हीकडे सारख्याच आवाजाने जातात.

बँकांकडेही माझी एक मागणी आहे. पावतीवरचा जीपीएसारखा क्रमांक आणि खेळाचे नाव उताऱ्यात छापणे आजच्या काळात अवघड नसावे. किराणा दुकानदाराच्या वहीतली उधारीसुद्धा वस्तूच्या नावासकट लिहिलेली असते. इतकी साधी माहिती नसल्यामुळे एका मुलाने आठ न केलेल्या खरेदींसाठी मार खाल्ला, ही गोष्ट मला अजून सोडत नाही.

त्या दिवशी गूगलच्या ४८ तासांपैकी आमच्या हाती सहा तास उरले होते, कारण ८०० रुपयांची खरेदी शुक्रवारी रात्री झालेली होती. ताईने भाच्याला शेजारी बसवून परताव्याची विनंती पाठवली आणि कारणात खरे तेच लिहिले, की मुलाने न विचारता घेतले. त्यानंतर तिने पिन बदलला, फोनमध्ये प्रत्येक खरेदीला पासवर्ड विचारण्याची सोय चालू केली आणि गुरुवारचे ते मॅन्डेट आधी खेळाच्या वर्गणीतून, मग यूपीआय ॲपमधून रद्द केले. ८०० रुपये पाचव्या दिवशी परत आले. उरलेल्या ९६० रुपयांबद्दल खेळ बनवणाऱ्या कंपनीने नकार कळवला, आणि वर्गणीच्या १,१९२ रुपयांसाठी ताईने राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनच्या १९१५ या क्रमांकावर तक्रार नोंदवली आहे. मी निघालो तेव्हा भाओजी पासबुक घेऊन मुलाजवळ बसले होते आणि आठ लाल रेघांवर एकेक करून काट मारत होते.