जाओ शाओ-कांग टीव्हीवरून राजकारणात आले नाहीत

तैवानच्या २०२४ च्या निवडणुकीचा विषय निघाला की एक दावा हमखास पुढे येतो. थोडक्यात तो असा: कुओमिंतांग या मुख्य विरोधी पक्षाला ऐन वेळी उमेदवार सापडेना, म्हणून टीव्हीवर चर्चा रंगवणाऱ्या जाओ शाओ-कांग या निवेदकाला रातोरात उपराष्ट्राध्यक्षपदाचं तिकीट देऊन टाकलं. गाठीला राजकारणाचा अनुभव नाही, जे काही नाव होतं ते टीव्हीमुळे, पत्रकारिता सोडून सत्तेच्या मागे लागले आणि प्रयोग पक्षाच्या अंगलट आला. हे इतक्यांदा पुढे पाठवलं गेलं आहे की आता कुणी तपासायच्या भानगडीत पडत नाही.

यातलं 'रातोरात' मात्र खरं आहे. २३ नोव्हेंबर २०२३ ला तैपेईतल्या एका हॉटेलात विरोधकांची एकत्र लढण्याची बोलणी कॅमेऱ्यांसमोरच फिसकटली. दुसऱ्या दिवशी, अर्ज भरायच्या शेवटच्या दिवशी, कुओमिंतांगचे राष्ट्राध्यक्षपदाचे उमेदवार होउ यू-ई यांच्यासोबत जाओ यांचं नाव दाखल झालं. बाकीचा दावा एकेक करून पाहू.

पहिला मुद्दा, अनुभव नसल्याचा. जाओ यांचा जन्म १९५० चा, कीलुंग बंदराच्या शहरातला, चीनच्या मुख्य भूमीवरून आलेल्या कुटुंबातला. शिक्षणाने ते इंजिनिअर. पदव्युत्तर शिक्षण अमेरिकेत क्लेमसन विद्यापीठात झालं. १९८१ मध्ये ते तैपेई शहराच्या परिषदेवर निवडून आले. १९८६ च्या अखेरीस संसदेवर, म्हणजे लेजिस्लेटिव्ह युआनवर गेले. तेव्हाची संसद कशी होती हे लक्षात घेतलं तर त्या विजयाचं वजन कळतं. तैवानमध्ये अजून मार्शल लॉ होता, तो उठला जुलै १९८७ मध्ये. सभागृहातल्या बहुसंख्य खुर्च्यांवर १९४८ मध्ये चीनमध्ये निवडून आलेले वृद्ध सदस्य बसून होते. त्यांना पुन्हा मतदारांसमोर जावंच लागलं नव्हतं, ते निवृत्त झाले १९९१ संपता संपता. लोकांच्या मतांवर भरल्या जाणाऱ्या जागा मोजक्या होत्या आणि त्यातल्या एका जागेवर जाओ होते.

१९९१ मध्ये ते सरकारात पर्यावरण खात्याचे प्रमुख झाले. पुढच्याच वर्षी पद सोडून पुन्हा निवडणुकीत उतरले. डिसेंबर १९९२ ची ही निवडणूक म्हणजे संपूर्ण संसद तैवानच्या मतदारांनी निवडण्याची पहिली वेळ. तैपेई काउंटीत जाओ यांना २ लाख ३५ हजारांवर मतं पडली, देशात सर्वांत जास्त. त्या वेळी एका मतदारसंघातून अनेक सदस्य निवडले जात आणि मतदाराला मत एकच असे, म्हणून जागा जिंकायला याच्या अंशाने मतं पुरायची. जिंकणार हे दिसत असूनही लोक त्यांच्याच नावावर शिक्का मारत राहिले. अशा माणसाला अनुभवशून्य म्हणणं मला तरी पटत नाही.

दुसरा मुद्दा, नाव टीव्हीने केलं. इथे फक्त वर्षं जुळवून पाहायची. जाओ लोकप्रिय झाले तेव्हा तैवानमध्ये तीनच टीव्ही वाहिन्या होत्या आणि त्यांची सूत्रं अनुक्रमे प्रांतिक सरकार, कुओमिंतांग आणि संरक्षण खातं यांच्या हाती होती. केबलला कायद्याची मान्यता मिळाली १९९३ मध्ये, आणि ज्या टीव्हीबीएस वाहिनीवरचे निवेदक म्हणून जाओ आज ओळखले जातात तीसुद्धा १९९३ मध्येच सुरू झाली. म्हणजे ते अडीच लाखांच्या घरातलं मतदान वाहिनीच्या जन्माआधीचं. त्यांची वाणी घडली ती परिषदेत आणि संसदेत, अधिकाऱ्यांना प्रश्न विचारून विचारून.

कॅमेरा त्यांना मानवतो, हे मात्र खरंच. १९९३ च्या ऑगस्टमध्ये तेव्हाचे राष्ट्राध्यक्ष आणि पक्षाध्यक्ष ली तेंग-हुई यांच्या नेतृत्वाला विरोध करत ते आणि त्यांचे काही सहकारी कुओमिंतांगमधून बाहेर पडले आणि त्यांनी 'नवा पक्ष' काढला. पुढच्या वर्षी जाओ तैपेईच्या महापौरपदाला उभे राहिले. या निवडणुकीत तैवानच्या इतिहासातली उमेदवारांची पहिली टीव्ही वादचर्चा झाली. जाओ त्यात चीन प्रजासत्ताक (तैवानचं अधिकृत नाव) धोक्यात आहे असं तळमळीने सांगत होते आणि ली यांच्यावर तुटून पडत होते. डेमोक्रॅटिक प्रोग्रेसिव्ह पक्षाचे (डीपीपी) उमेदवार चेन श्वे-ब्यान यांनी शहराचा विषय सोडला नाही. निकालात चेन यांना ४३.६७ टक्के, जाओ यांना ३०.१७ टक्के आणि खुर्चीवर असलेले कुओमिंतांगचे महापौर ह्वांग ता-चोउ यांना २५.८९ टक्के मतं मिळाली. सव्वा वर्षाच्या पक्षाच्या उमेदवाराने राजधानीत सत्ताधारी पक्षाला तिसऱ्या क्रमांकावर ढकललं. टीव्हीचा यात वाटा होता, पण जाओ तिथे उभे होते उमेदवार म्हणून. सूत्रसंचालन पुढे आलं.

तिसरा मुद्दा मला सगळ्यांत जास्त खटकतो: पत्रकारिता सोडून सत्तेमागे गेले. जाओ यांनी पत्रकारिता कधी केली? १९९६ च्या सुमारास ते निवडणुकीच्या राजकारणातून बाजूला झाले, युएफओ रेडिओच्या उभारणीत उतरले, रोज मायक्रोफोनसमोर बसू लागले, टीव्हीबीएसवर चर्चेचे कार्यक्रम घेऊ लागले. त्यातला एक तर थेट त्यांच्याच नावाचा, 'शाओ-कांग यांची वॉर रूम'. या कार्यक्रमात बातमी शोधली जात नाही. दिवसाच्या बातमीवर पाहुणे बोलतात आणि यजमान आपलं मत लपवत नाही. बघणाऱ्यांना ते ठाऊक असतं, बरेच जण त्यासाठीच बघतात. तैवानमध्ये ही वाट अनेकांनी धरली आहे. छन वेन-चिएन या एकेकाळी डेमोक्रॅटिक प्रोग्रेसिव्ह पक्षाच्या प्रचारप्रमुख होत्या, नंतर अपक्ष खासदार झाल्या, पुढे टीव्हीवरच्या नामांकित सूत्रसंचालक झाल्या. त्यांनाही कुणी बातमीदार म्हणत नाही.

जाओ यांच्यावर टीका करायची तर जागा इथेच आहे, आणि 'निवेदक' हा शब्द नेमकी तीच झाकतो. ब्रॉडकास्टिंग कॉर्पोरेशन ऑफ चायना ही तैवानमधली जुनी, देशभर ऐकू जाणारी रेडिओ संस्था. तिचं मूळ १९२८ मध्ये नानजिंगला कुओमिंतांगने सुरू केलेल्या केंद्रात आहे. २००३ मध्ये कायदा बदलला, पक्ष, सरकार आणि सैन्य यांना प्रसारमाध्यमांतून बाहेर पडायला सांगितलं गेलं. कुओमिंतांगने आपली माध्यमं विकली, आणि २००६ च्या अखेरीस ही रेडिओ संस्था जाओ यांच्या हाती आली. पक्षाची मालमत्ता पक्षाच्याच जुन्या नेत्याकडे गेली, हा आक्षेप तेव्हाही घेतला गेला. पक्षाने मिळवलेल्या मालमत्तेची चौकशी करणाऱ्या सरकारी समितीपुढेही हा विषय नंतर आला. प्रभावी राजकीय नेता एकाच वेळी रेडिओचा मालक आणि टीव्हीवरचा यजमान असावा का, हा प्रश्न गंभीर आहे. मला स्वतःला ते योग्य वाटत नाही. पण 'पत्रकार राजकारणात गेला' असं म्हटलं की हा प्रश्न विचारलाच जात नाही. राजकारणी माध्यमांत गेला, तिथे राजकारण करत राहिला, फेब्रुवारी २०२१ मध्ये जुन्या पक्षात परतला आणि मग तिकिटावर आला, असा क्रम लावला तरच तो विचारता येतो.

शेवटी, प्रयोग अंगलट आल्याचा मुद्दा. होउ आणि जाओ हरले, ३३.४९ टक्के मतांवर. डीपीपीचे लाय चिंग-ते आणि श्याओ बी-खिम ४०.०५ टक्के मतं घेऊन जिंकले. २०२० मध्ये कुओमिंतांगच्या उमेदवाराला ३८ टक्क्यांहून जास्त मतं होती, म्हणून घसरण जाओ यांच्या खात्यावर टाकली जाते. पण २०२० ची लढत जवळजवळ दुरंगी होती. २०२४ मध्ये तैवान पीपल्स पार्टी या तिसऱ्या पक्षाचे को वेन-च यांनी एकट्याने २६.४६ टक्के खेचले, म्हणजे विरोधी मतं वाटली गेली. त्याच दिवशी संसदेत कुओमिंतांगच्या जागा ३८ वरून ५२ झाल्या आणि ५१ जागांवरच्या डीपीपीने बहुमत गमावलं.

शिवाय जाओ यांना घेण्यामागे हिशेब होता. होउ हे माजी पोलीसप्रमुख, तैवानी वळणाचे, कमी बोलणारे. पक्षाच्या कट्टर पाठीराख्यांना ते पुरते आपले वाटत नव्हते. त्या वर्गाची नस जाओ यांना गेली तीस वर्षं ठाऊक होती. आणि होउ ज्या न्यू तैपेई शहराचे महापौर होते ते २०१० पर्यंतचं तैपेई काउंटीच, जिथे १९९२ मध्ये जाओ यांच्या नावावर देशातली सर्वाधिक मतं पडली होती.