बॅग ऑफ होल्डिंगचा बॉम्ब होत नाही

डन्जन्स अँड ड्रॅगन्स हा फासे टाकत, पात्रं वठवत खेळायचा कल्पनारम्य खेळ खेळणाऱ्यांमध्ये एक सल्ला वर्षानुवर्षं फिरतोय. बॅग ऑफ होल्डिंग (आतून बाहेरच्यापेक्षा कितीतरी मोठी असलेली जादूची पिशवी) पोर्टेबल होलमध्ये (उलगडलं की खड्डा बनणाऱ्या जादूच्या कापडात) टाका, की ब्लॅक होल तयार होतं. दहा फुटांतलं सगळं कायमचं नष्ट, कितीही मोठा व्हिलन एका फटक्यात खलास, आणि डीएम (खेळ चालवणारा) नुसता बघत बसतो. मग कुणीतरी शेपूट जोडतंच: हे दोन्ही बाणाच्या टोकात बसवा! 2014 च्या पाचव्या आवृत्तीचे नियम समोर ठेवून हे तपासू.

‘प्रचंड स्फोट होतो.’ होत नाही. त्या मजकुरात डॅमेजचा, म्हणजे इजा मोजायचा, एकही फासा नाही. दोन्ही वस्तू नष्ट होतात, एक दुसरीत ठेवली त्याच जागी ॲस्ट्रल प्लेन या दुसऱ्या मितीकडे जाणारं गेट उघडतं, दहा फुटांतले जीव आत ओढले जातात आणि गेट मिटतं. ते एकतर्फी असतं, पुन्हा उघडता येत नाही. ओढले जातात ते जीव. भिंती, खांब, सिंहासन जागच्या जागी राहतात. वाढत वाढत किल्ला गिळणारं भोक हे ऐकीव वर्णन आहे.

‘व्हिलन कायमचा संपतो.’ खरा घोळ इथे आहे. ॲस्ट्रल प्लेन म्हणजे मृत्यू नव्हे. तिथे वय वाढत नाही, भूक-तहान लागत नाही. हालचाल विचारानं होते आणि वेग बुद्धिमत्तेवर ठरतो: इंटेलिजन्सच्या आकड्याच्या तिप्पट फूट. म्हणजे 20 इंटेलिजन्सचा लिच (मेल्यावरही जादूनं टिकून राहिलेला जादूगार) तिथे 60 फुटांनी सरकणार आणि त्याच्यासोबत ओढला गेलेला तुमचा 8 इंटेलिजन्सचा बार्बेरियन योद्धा 24 फुटांनी. त्यातून लिचच्या मंत्रांच्या यादीत प्लेन शिफ्ट (एका मितीतून दुसरीत जाण्याचा मंत्र) आधीच आहे. जिथे परतायचं त्या मितीशी जुळवलेली धातूची दुबेळकी कांडी जवळ असली की तो परतणार, आणि आता त्याला तुमची नावं पाठ असणार. तुमच्या पार्टीत, म्हणजे गटात, हा मंत्र येणारा तेराव्या लेव्हलचा जादूगार नसेल, तर तुम्ही मात्र दुसऱ्या मितीत जाणारी रंगीत तळी शोधत फिरणार. वाटेत गिथ्यांकी भेटतील. मेलेल्या देवाच्या देहावर शहर वसवणारे लोक पाहुणचाराला प्रसिद्ध नाहीत. ज्याला प्लेन शिफ्ट येत नाही अशा राक्षसाला पाठवलंत तर ती हद्दपारी बरीच टिकेल, हे मान्य. पण त्याला मारलं म्हणू नका.

‘सेव्हिंग थ्रो नाही, म्हणून सुटका नाही.’ सेव्हिंग थ्रो म्हणजे संकट टाळायला फासा टाकण्याची संधी. हे मात्र खरं आहे. सेव्हच नसल्यामुळे लेजंडरी रेझिस्टन्सही (बड्या राक्षसांना हुकलेला सेव्ह यशस्वी ठरवू देणारी सोय) वापरता येत नाही. या युक्तीचं नाव झालं ते यामुळेच, आणि त्यात तथ्य आहे. फक्त जो नियम ड्रॅगनला सेव्ह देत नाही, तो तुम्हालाही देत नाही. बॅगेत होल कोंबणारा हात बॅगेजवळच असतो, आणि दहा फूट म्हणजे नकाशावरचे दोन चौकोन.

म्हणून तर बाण, असं उत्तर येतं. रिकाम्या बॅगेचं वजन 15 पाउंड, तोंडाचा व्यास दोन फूट. वीस बाणांचं वजन एक पाउंड. म्हणजे एका बाणावर त्याच्या तीनशे पट ओझं बांधून नेम धरायचा! घडी घातलेलं होल जवळपास वजनरहित असतं, एवढं खरं. त्यामुळे त्यातल्या त्यात शहाणा मार्ग म्हणजे बॅग उघडी ठेवून द्यायची आणि तीस फुटांवरून मेज हँडनं (मंत्रानं तयार होणाऱ्या तरंगत्या हातानं) होल आत सोडायचं. अर्थात व्हिलन त्या वेळी बॅगेशेजारी उभा असायला हवा.

‘हे पहिल्यापासून असंच आहे.’ नाही. 1979 च्या, डीएमसाठीच्या मार्गदर्शिकेत आणि पुढे 3.5 या आवृत्तीतही काय कशात टाकलं याला महत्त्व होतं. होल बॅगेत टाकलं तरच दहा फुटांतले जीव ओढले जात. बॅग होलमध्ये टाकली, तर अवकाशाला भेग पडून फक्त त्या दोन वस्तू गायब होत. वर सांगितलेला सल्ला नेमकी ही दुसरी दिशा सांगतो. जुन्या नियमांनी खेळलात तर दोन महागड्या वस्तू घालवून समोरचा ड्रॅगन जसाच्या तसा.

राहिला प्रश्न बॅगेत बॅग घालण्याचा. जुन्या वर्णनांत फक्त होलचा उल्लेख आहे. पाचव्या आवृत्तीनं हँडी हॅवरसॅक या जादूच्या पाठपिशवीचं नाव घेतलं आणि ‘तत्सम वस्तू’ असं मोघम लिहून ठेवलं, त्यामुळे तिथे डीएम म्हणेल ते. हॅवरसॅकबद्दल मात्र काहीच मोघम नाही. तिच्या मधल्या कप्प्यात 80 पाउंड मावतात, बॅग तर 15 चीच. सामान आवरताना ‘बॅग हॅवरसॅकमध्ये ठेवली’ असं कॅरेक्टर शीटवर लिहून मोकळे होणारे खेळाडू कमी नाहीत. पुढचा सेशन सुरू होण्याआधी ती ओळ खोडून टाका.