बटण उलटं दाबलं, एवढंच?

प्रतिक्रिया सडेतोड आहे, तेव्हा उत्तरही जरा ऐसपैस देतो. तुमचं म्हणणं थोडक्यात असं : लिथुआनियाचा कलावंत देइमान्तस नार्केविचुसने लेनिनचा पुतळा हटवतानाचं, दुसऱ्यांनी केलेलं जुनं चित्रण आपल्या फिल्ममध्ये उलटं फिरवलं, यात त्याची कला ती काय? आणि ज्यांनी सोव्हिएत रणगाडे अंगावर घेतले, त्यांच्या विजयाची ही थट्टाच नाही का?

रणगाड्यांचं आधी. १३ जानेवारी १९९१ ला लिथुआनियाची राजधानी व्हिल्नियसच्या टीव्ही टॉवरपाशी जमलेल्या निःशस्त्र लोकांवर सोव्हिएत फौज चालून गेली, १४ जणांचा जीव गेला. ऑगस्टमध्ये मॉस्कोतलं कट्टर कम्युनिस्टांचं बंड फसलं आणि २३ तारखेला व्हिल्नियसच्या लुकिश्केस चौकात १९५२ पासून उभा असलेला लेनिनचा पुतळा क्रेनने उचलला गेला. नार्केविचुस तेव्हा सत्तावीसच्या आसपासचा, त्याच शहरात शिल्पकला शिकलेला. हे सगळं त्याला आपण काय सांगायचं!

आता ती फिल्म, 'वन्स इन द ट्वेंटिएथ सेंच्युरी' (२००४). जेमतेम आठ मिनिटांची फिल्म. पुतळा उचलताना खरोखर गुडघ्यांपाशी तुटला होता, पाय चौथऱ्यावरच राहिले. त्यामुळे फिल्ममध्ये लेनिन हात पुढे करून हवेत हेलकावे खात येतो आणि आधीच उभ्या असलेल्या आपल्या दोन पायांवर अलगद टेकतो. खाली गर्दीचा जल्लोष. आधी हसू फुटतं. मग ध्यानात येतं की तोच जल्लोष दोन्हीकडे चपखल बसतो. चेहरे पाहून सांगता येत नाही की ही माणसं पुतळा काढायला आली आहेत की बसवायला. थट्टा असलीच, तर ती पडद्यावर दिसलं म्हणजे सगळं कळलं असं मानणाऱ्या आपली आहे. लेनिन क्रेनला लटकला, कम्युनिझम संपला, बातमी आटोपली! त्या राजवटीत उमेदीची सगळी वर्षं काढलेल्यांच्या आठवणी एवढ्या सुटसुटीत नसतात.

बाकी 'बटण कोणीही दाबेल' म्हणता, तर दाबेल की! कुठल्या चित्रणावर दाबायचं, यातच सगळं आलं.

'याला बळींशी देणंघेणं नाही' हे तुमचं वाक्य मात्र मला अजिबात पटलं नाही. त्याची १९९९ ची 'लेजंड कमिंग ट्रू' पाहा. व्हिल्नियसच्या घेट्टोतून, म्हणजे नाझींनी ज्यूंना कोंडलेल्या वस्तीतून, वाचलेली एक ज्यू बाई आपली हकिकत सांगते, तासाभराहून जास्त. पडद्यावर बराच काळ ती नसतेच, असतात तिच्या हकिकतीतल्या जागा, दर मिनिटाला एक फ्रेम अशा टिपलेल्या. उजेड सरकतो, दिवस मावळतो, आवाज थांबत नाही. ज्यूंच्या त्या कत्तलीत स्थानिक लोकांचेही हात होते. तेव्हा ही हकिकत ऐकवणं म्हणजे आपल्याच लोकांना अडचणीत आणणं. लोकांना कुरवाळणारा कलावंत या वाटेला गेला नसता.

एक मान्य : मागचापुढचा संदर्भ माहीत नसलेल्या प्रेक्षकासाठी दालनात शेजारी चार ओळींची पाटी हवीच.

आणि तुम्ही विचारलंय म्हणून सांगतो, तो लेनिन वितळवला नाही. लिथुआनियातल्याच द्रुस्किनिंकाइ गावाजवळच्या ग्रूतास पार्कात सोव्हिएत काळातले पुतळे गोळा करून ठेवलेत, त्यांतच तोही आहे. तिकीट काढून बघता येतो.