कोर्टाला दोष देऊ नका

एका लेखात म्हटलंय की विद्यापीठाचा कुलगुरू कोण व्हावा हे कोर्टाने ठरवू नये. पण कोर्ट ठरवतंय कुठे, ते फक्त नियम पाळले का तेवढंच बघतंय. केरळच्या टेक्निकल युनिव्हर्सिटीचंच घ्या, यूजीसीचा, म्हणजे केंद्राच्या विद्यापीठ अनुदान आयोगाचा, नियम सांगतो की कुलगुरूसाठी नावं सुचवणाऱ्या शोध समितीने तीन ते पाच नावं द्यायची, तिथे एकच नाव पाठवलं, मग कुलपती असलेल्या राज्यपालांनी निवडायचं कशातून? सुप्रीम कोर्टाने ऑक्टोबर 2022 मध्ये नेमणूक रद्द केली ती बरोबरच केली. त्याच वर्षी मार्चमध्ये गुजरातच्या सरदार पटेल विद्यापीठाच्या कुलगुरूंची नेमणूकही कोर्टाने रद्द केली, राज्याचा कायदा आणि यूजीसीचे नियम जुळत नसतील तर यूजीसीचंच चालणार हे तेव्हाच सांगून टाकलं होतं.

खरा त्रास उशिराचा आहे हो. केरळच्याच कन्नूर विद्यापीठाच्या कुलगुरूंची फेरनेमणूक 2021 ची, रद्द झाली नोव्हेंबर 2023 ला, तोपर्यंत दोन वर्षं सगळ्या फायलींवर त्यांच्याच सह्या, पोरांच्या डिग्रीवर पण!

आमच्या गोव्यात तर सरकारी विद्यापीठ म्हणजे ताळगाव पठारावरचं गोवा विद्यापीठ हे एकच, पेडण्यापासून काणकोणपर्यंतची बहुतेक कॉलेजं त्याच्याखाली, इथे असा घोळ झाला तर मुलांनी जायचं कुठे? म्हणून माझं म्हणणं, समितीत कोण आहे, कुठली नावं वर पाठवली आणि प्रत्येकाची या पदासाठी लागणारी प्रोफेसर म्हणून दहा वर्षं भरतात का, हे सगळं नेमणुकीच्या आधीच वेबसाइटवर टाका, मग पर्वरीला हायकोर्टात जायची वेळच कोणावर येणार नाही.