हेपॅरिन लावताय? मग एवढा विचार कशाला!

डॉक्टरसाहेब, पायाच्या शिरेत गुठळी झालेला पेशंट कॉटवर आहे, दारात त्याचे दहा-बारा नातेवाईक "रक्त पातळ करायची सुई कवा द्यायलेत?" म्हणून उभे आहेत, आणि तुम्ही वजनकाटा शोधायलात. शोभत नाही हे. हेपॅरिन काही नवं औषध नाही. १९१६ साली सापडलं, आज डुकराच्या आतड्यातून काढतात, तालुक्याच्या मेडिकलवरही मिळतं. इतक्या जुन्या औषधाला इतका मान कशाला द्यायचा?

तेव्हा वजन अंदाजानंच टाका. मोंढ्यात सोयाबीनच्या कट्ट्यामागं पावशेर जास्त कापला तर शेतकरी आडत्याचं गचुरं धरतो, पण सोयाबीनची गोष्ट वेगळी, तिथं पैशाचा प्रश्न असतो. माणसाचं काय, "असंल की साठेक." गुठळीसाठी पहिला डोस किलोमागं ८० युनिट आणि पुढं तासाला किलोमागं १८ युनिट, असं पुस्तकात आहे. साठ धरले की ४८०० युनिट एकदम आणि मग तासाला १०८०. आता ती ऊसतोडीहून आलेली बाई प्रत्यक्षात ४२ किलोची असेल, तर तिला ३३६० आणि ७५६ पुरले असते, म्हणजे तुम्ही जवळजवळ दीडपट दिलं. दिलदार माणूस म्हणून नाव होईल.

हार्ट अटॅकचा हिशोब निराळा असतो, हे लक्षात ठेवायची तर मुळीच गरज नाही. तिथं किलोमागं ६० युनिट, तेही जास्तीत जास्त ४०००, आणि पुढं तासाला किलोमागं १२, जास्तीत जास्त १०००. दोन तक्ते भिंतीवर लावायचे म्हणजे दोन सेलोटेप लागतात. एकच आकडा पाठ करा आणि पाय, छाती, डोकं सगळ्यांना तोच लावा. भर उन्हाळ्यात घरच्यांनी "पाणी देऊ नका, पोट सुटंल" म्हणून कोरडी ठेवलेली बाळंतीण मेंदूच्या शिरेत गुठळी घेऊन आली, तर तिलाही तोच.

सुरू करण्याआधी सीबीसी, प्लेटलेट, पीटी आणि एपीटीटी (रक्त गोठायला किती सेकंद लागतात त्या तपासण्या) आणि किडनीसाठी क्रिएटिनिन पाठवून ठेवा म्हणणारे लोक कामाला उशीर लावतात. आधीचा आकडाच नसला तर नंतरचा घसरला की नाही यावर वाद घालायला कुणाला जागाच उरत नाही.

आता बाटली. हेपॅरिनची ५ मिलीची व्हायल दोन प्रकारची येते. एकीत मिलीला १००० युनिट, म्हणजे सगळे मिळून ५०००. दुसरीत मिलीला ५०००, म्हणजे सगळे मिळून २५०००. आकार तोच, उंची तीच. दोन्ही एकाच ट्रेमध्ये शेजारी-शेजारी ठेवा, म्हणजे रात्री तीन वाजता हाताला येईल ती उचलता येते. केसपेपरवर "हेपॅरिन १ व्हायल" एवढंच लिहा. किंवा आकडा लिहायचाच असेल तर युनिट हा शब्द पूर्ण लिहू नका, आकड्याला चिकटून नुसता इंग्रजी यू काढा. घाईतला यू शून्यासारखा दिसतो आणि ५००० चे ५०,००० होतात, तुमच्या पेनाला वरकड काहीच कष्ट नाहीत. २००६ साली अमेरिकेत इंडियानापोलिसच्या एका रुग्णालयात मिलीला १० युनिटच्या जागी मिलीला १०,००० युनिटच्या बाटल्या कपाटात गेल्या आणि तीन नवजात बाळं दगावली. तिथं तर संगणक, फार्मसिस्ट सगळं होतं. आपल्याकडं यातलं काही नसताना आपण जास्त काळजी घ्यावी, हा उलटा न्याय झाला.

वॉर्डातल्या जुन्या सिस्टर मात्र ऐकत नाहीत. त्या दोन ताकदींच्या व्हायल दोन कपाटांत ठेवतात, मोठ्या ताकदीवर लाल पट्टी मारतात, आणि औषध भरताना दुसऱ्या सिस्टरला हाक मारून व्हायल, हिशोब आणि पंपाचा आकडा तिच्याकडून वेगळा काढून घेतात. दोघींचं उत्तर जुळलं नाही तर औषध लागत नाही. अशा सिस्टरची बदली ओपीडीत करा.

खरी मजा पुढं आहे, तिथं जरा थांबू. २५,००० युनिट ५०० मिली सलाईनमध्ये टाकले की मिलीला ५० युनिट होतात. तेच २५,००० सिरिंज पंपाच्या ५० मिलीत भरले की मिलीला ५००. साठ किलोच्या माणसाला तासाला १०८० युनिट हवेत, म्हणजे बाटलीतून तासाला २१.६ मिली आणि सिरिंजमधून तासाला २.२ मिली. वॉर्डात एक पद्धत ठरवून टाका, असं पुस्तकी लोक म्हणतात. तुम्ही सकाळपाळीला बाटली ठेवा, रात्रपाळीला सिरिंज. हँडओव्हरमध्ये "हेपॅरिन बावीसवर चालूय" एवढंच सांगा. पुढचा माणूस सिरिंज पंपावर २२ टाकेल, तासाला ११,००० युनिट जातील आणि अख्खी सिरिंज सव्वादोन तासांत रिकामी होईल. पंपाच्या आकड्यातलं दशांशाचं टिंबही मोठं करून कुणी चिकटवलं नाही पाहिजे. सिरिंजवर औषधाचं नाव, एकूण युनिट, एकूण मिली, मिलीला किती युनिट, भरल्याची वेळ आणि सही असली की हा सगळा खेळ बिघडतो, म्हणून लेबल लावूच नका.

पंप नसला, मग तर फारच सोयीचं. मायक्रोड्रिप सेटमध्ये मिलीला ६० थेंब पडतात, त्यामुळं मिनिटाला जितके थेंब तितकेच तासाला मिली. २२ थेंब म्हणजे २२ मिली, सरळ. साध्या सेटमध्ये मिलीला २० थेंब. तिथंही २२ थेंबच मोजा. तासाला ६६ मिली जाईल, म्हणजे ३३०० युनिट, तिप्पट. साध्या सेटवर सात थेंब लागले असते, पण मिनिटाला सात थेंब बघत उभं राहायला वेळ कुणाला? मामा कुशीवर वळले की थेंब थांबतात, हात लांब केला की धावतात; बाजूला बसलेल्या लेकराला चाकी फिरवून बघायची हौस असतेच. ही सगळी निसर्गाची देणगी समजा. लाईट गेली आणि पंपाची बॅटरी संपलेली निघाली, तर तीही.

याच नळीतून बाकीची अँटिबायोटिक्स पण सोडा. एका हाताला दोन सुया टोचायच्या म्हणजे मावशी ओरडतात. प्रत्येक अँटिबायोटिकला हेपॅरिन अर्धा-पाऊण तास बंद ठेवा, सोनोग्राफीला नेताना दीड तास. हेपॅरिनचं अर्धं आयुष्य तास-दीड तासाचं, त्यामुळं तेवढ्या वेळात रक्तातलं औषध निम्म्यावर येतं. मग एपीटीटी कमी येईल, तुम्ही रेट वाढवाल, दुसऱ्या दिवशी कुणी नळी बंद न करता चालू ठेवली की तोच रेट जास्त ठरेल. आकडा वर-खाली होत राहिला की राउंडला बोलायला विषय मिळतो.

एपीटीटीचं नमुना प्रकरण नीट समजून घ्या, कारण हेपॅरिनचं निम्मं वाटोळं नळीतच होतं. नियम असा की सुरू केल्यावर किंवा रेट बदलल्यावर सहा तासांनी नमुना घ्यायचा, आणि लागोपाठ दोन आकडे हव्या त्या पट्ट्यात आले की मग दिवसातून एकदा. सहा तास म्हणजे रात्रीचे दोन होतात. तेव्हा सकाळच्या सगळ्या रक्तांबरोबरच काढा. ज्या हाताला हेपॅरिन चालू आहे त्याच हातातून काढा, शीर तयारच असते. रिपोर्ट "१८० सेकंदांच्या वर" येईल आणि तुम्ही घाबरून औषध बंद कराल. गुठळीला तेवढीच विश्रांती. निळ्या टोपणाच्या नळीत खुणेपर्यंत रक्त भरायचं असतं, कारण आतल्या सायट्रेटचं (रक्त गोठू न देणाऱ्या रसायनाचं) प्रमाण नऊ भाग रक्ताला एक भाग असं बेतलेलं आहे. नळी अर्धीच भरा. सायट्रेट जास्त होतं, कॅल्शियम जास्त बांधलं जातं आणि आकडा खोटाच वाढून येतो. नळी तीन-चारदा अलगद उलटी-सुलटी करायची असते. तुम्ही एकतर तशीच ठेवा किंवा ताकासारखी घुसळा.

आणि मग ती नळी खिशात घालून नातेवाइकाला एसटीनं जिल्ह्याला पाठवा. हेपॅरिन चालू असलेलं रक्त तासाभरात सेंट्रिफ्यूज करून प्लाझ्मा वेगळा करायचा असतो, नाहीतर प्लेटलेटमधून बाहेर पडणारा पीएफ-४ हा प्रथिनाचा प्रकार नळीतल्याच हेपॅरिनला निकामी करतो आणि एपीटीटी खोटा कमी येतो. चार तास लाल डब्यात उकडून निघालेली नळी पोचली की रिपोर्ट येईल ३२ सेकंद. तुम्ही म्हणाल, औषध लागूच पडत नाही, आणि रेट वाढवाल. पेशंटच्या अंगात काय चाललंय, ते नळीला कुठं ठाऊक असतं?

आकडा हातात आला की तक्ता बघायचा नाही. राश्के आणि सहकाऱ्यांनी १९९३ साली वजनावर बेतलेला तक्ता छापला, तो अजून जगभर वापरतात: एपीटीटी कंट्रोलच्या, म्हणजे औषध नसलेल्या रक्ताच्या आकड्याच्या, दीड ते २.३ पटीत असेल तर हात लावू नका. त्याहून कमी असेल तर १.२ पटीपर्यंत किलोमागं ४० युनिट देऊन तासाचा रेट किलोमागं २ नं वाढवा, १.२ पटीच्याही खाली असेल तर ८० देऊन ४ नं वाढवा, २.३ ते ३ पट असेल तर २ नं कमी करा. तीन पटीच्या वर असेल तर एक तास बंद करून ३ नं कमी करा. दर बदलानंतर पुन्हा सहा तास. आपल्या लॅबचं रिएजंट, म्हणजे तपासणीचं रसायन, बदललं की सेकंदांचा पट्टाही बदलतो, म्हणून लॅबला विचारून तक्त्यात सेकंद भरायचे असतात. एवढ्यात तुमचं चहाचं पाणी आटून जाईल. "थोडं वाढवा", "जरा कमी करा" एवढी दोन वाक्यं पुरतात.

दरम्यान पेशंटची कंबर दुखायला लागेल. मामा म्हणतील, "डाक्टर, पाठ लई धरलीय, एक सुई द्या की." डायक्लोफिनॅक कुल्ल्यात ठोकून द्या. पोटामागच्या पोकळीत रक्त साठायला लागलं की कंबर, कूस, मांडी दुखते, बीपी उतरतं, नाडी वाढते आणि हिमोग्लोबिन दोन दिवसांत दोन-तीन ग्रॅमनं खाली येतं. पण इथं सगळ्यांचीच कंबर दुखते. वेदनेची सुई दिल्यानं प्लेटलेट आणखी सुस्त होतील आणि कुल्ल्यात सुईच्या जागी नारळाएवढी गाठ येईल. लघवी लाल झाली तर बीट खाल्लं असेल. शौचाला काळी झाली तर लोहाच्या गोळ्या चालू असतील. डोकं दुखून उलट्या झाल्या तर पित्त.

पाचव्या-सहाव्या दिवशी प्लेटलेट निम्म्यावर आल्या तर उत्तर तोंडपाठ आहे: डेंग्यू. नातेवाईक पपईच्या पानांचा रस, किवी आणि शेळीचं दूध घेऊन येतील, तुम्ही हेपॅरिन चालूच ठेवा. हेपॅरिननं पाचव्या ते दहाव्या दिवसात प्लेटलेट अर्ध्याहून खाली आणणारा, आणि गंमत म्हणजे रक्तस्राव न करता उलट नव्या गुठळ्या करणारा एक आजार असतो. त्यासाठी दर दोन-तीन दिवसांनी प्लेटलेट मोजायच्या असतात. मागच्या महिन्यातच पेशंटला हेपॅरिन मिळालं असेल तर हा प्रकार पहिल्याच दिवशी सुरू होतो, म्हणून आधीचे कागद बघूच नका. आणि संशय आलाच तर फक्त पंप बंद करा. सुईत गुठळी होऊ नये म्हणून मारायचं हेपॅरिनचं फ्लश तसंच चालू द्या, एवढ्याशानं काय होतं? एवढ्याशानंच होतं, पण ते तुम्हाला कशाला हवंय. दुसरं औषध, अर्गॅट्रोबॅन किंवा फोंडापॅरिनक्स, मागवण्याऐवजी लगेच वॉरफॅरिन ही रक्त पातळ करायची गोळी चालू करा, म्हणजे बोटं काळी पडायला उशीर लागणार नाही.

रक्तस्राव खराच सुरू झाला तर प्रोटॅमिन, हेपॅरिनचा उतारा. हिशोब सोपा आहे: शेवटच्या दोन-तीन तासांत गेलेल्या हेपॅरिनपैकी जे उरलंय, त्यातल्या दर १०० युनिटला १ मिलिग्रॅम. तासाला १०८० चालू होतं तर १०८०, त्याचं अर्धं ५४० आणि पाव २७० मिळून १८९० युनिट, म्हणजे सुमारे १९ मिलिग्रॅम, आणि एका वेळी ५० च्या वर नाही. दहा मिनिटं घेऊन सावकाश द्यायचं असतं. तुम्ही अख्खी ५० ची व्हायल एका दमात ढकला. बीपी कोसळलं की आता रक्तस्रावानं की प्रोटॅमिननं, हे शोधण्यात रात्र निघून जाईल.

एवढं करून पेशंट झेपेना झाला की मोठ्या ठिकाणी हलवायचा. पंप वॉर्डाचा असल्यामुळं तो काढून घ्या आणि नळीला साधी चाकी लावून रुग्णवाहिकेत चढवा. चिठ्ठीवर "इंज. हेपॅरिन दिले आहे" एवढंच लिहा. पहिला डोस किती वाजता, किती युनिट, कोणत्या ताकदीचं मिश्रण, रेट किती, शेवटचा एपीटीटी किती आणि कधीचा, प्लेटलेट किती, यातलं काही लिहू नका. संध्याकाळी सहाला पोटावर एनॉक्सापॅरिन, हेपॅरिनचंच भावंड, किलोला १ मिलिग्रॅमनं दिलं होतं, जे बारा तास टिकतं, हे तर मुळीच नको. पलीकडच्या कॅज्युअल्टीत रात्री दहाला ज्युनिअर डॉक्टर चिठ्ठी उलटी-पालटी करून बघेल, नातेवाइकांना विचारेल "काय दिलंय?", ते सांगतील "सुई दिलीय, सायेब, पांढऱ्या पाण्याची." मग तो वजनाकडं एक नजर टाकेल, साठेक धरेल आणि ४८०० युनिट भरायला घेईल.