चार माणसांची फौज

रविवारी संध्याकाळी ठाण्याच्या तलावपाळीला बसायला जागा मिळणं म्हणजे डोंबिवलीला चढून खिडकी मिळणं. तरी आमचा कट्टा अजून शाबूत आहे. बाळ्या, मिलिंद, जॉर्ज आणि मी वेळेवर होतो. शमू तेवढा उशिरा आला. शमू म्हणजे शमुवेल, मूळचा राहुरीकडचा. तीस वर्षं वागळे इस्टेटमध्ये लेथवर काढली आणि आता घरी. डाव्या तळव्यावर तंबाखू मळतच तो बसला.

"गावी गेलतो. चुलते गेले. मेजर होते."

"कुठल्या रेजिमेंटला?" बाळ्यानं विचारलं.

"मुक्तिफौजेत."

बाळ्याला वाटलं, गोवा मुक्तीचं काही असेल. शमू हसला. "सॅल्व्हेशन आर्मी रे. आमच्याकडं कॅप्टन, मेजर, कर्नल, वर लंडनला जनरल. बंदूक नाही, ढोल अन् बँड. आणि माणूस मेला असं म्हणत नाहीत, बढती मिळाली म्हणतात."

आता कुणी गेल्याचं ऐकून हसायचं नसतं, पण बढती ऐकून सगळ्यांनाच हसू आलं. शमूलाही.

हसला नाही तो जॉर्ज. जॉर्ज चरईतला ईस्ट इंडियन, म्हणजे इथलाच जुना ख्रिस्ती, कट्टर कॅथलिक. "चांगली माणसं आहेत," तो म्हणाला, "पण ते चर्च नव्हे. कुलाब्याला ताजच्या मागं त्यांचं लॉज आहे, तुमच्या नगरला हॉस्पिटल आहे. समाजसेवी संस्था म्हण. जिथं बाप्तिस्मा नाही, भाकर-द्राक्षारसाचं प्रभुभोजन नाही, ते चर्च कसलं?"

मी चाटच पडलो. ख्रिस्ती म्हटलं की डोक्यावर पाणी, एवढंच आपल्याला ठाऊक.

"खरंय," शमू म्हणाला. "1883 ला आमच्या संस्थापक बूथसाहेबांनी दोन्ही बंद केलं. मूल झालं की झेंड्याखाली प्रभूला अर्पण करायचं. पाणी नाही."

मग त्यानं सगळं मुळापासून सांगितलं. विल्यम बूथ नॉटिंगहॅमचा. लहानपणी गहाणवट्याच्या दुकानात उमेदवारी केली, त्यामुळं गरिबाच्या घरातली शेवटची वस्तू कशी बाहेर येते ते त्यानं काउंटरच्या आतून पाहिलेलं. पुढं मेथडिस्ट उपदेशक झाला, त्या पंथाशी पटेना म्हणून बाहेर पडला आणि 1865 मध्ये बायकोला, कॅथरीनला, बरोबर घेऊन पूर्व लंडनच्या गुत्त्यांसमोर उभा राहिला. 1878 मध्ये अहवालात त्याच्या मिशनला 'स्वयंसेवकांची फौज' म्हटलेलं होतं. मुलगा ब्रॅमवेल म्हणाला, मी काही हौशी स्वयंसेवक नाही. तेव्हा बूथनं तो शब्द खोडून वर 'सॅल्व्हेशन' लिहिलं. झालं नाव.

"गाणी गुत्त्यातल्याच चालींवर," शमू म्हणाला.

"म्हणजे आपल्या गणपतीतल्या आरत्या," बाळ्या म्हणाला. "पण गुत्तेवाले गप्प बसले?"

"कसले? स्केलेटन आर्मी नावाच्या टोळ्या उभ्या राहिल्या. मोर्च्यावर दगड, सडकी अंडी, मेलेले उंदीर."

जॉर्ज मूळ मुद्दा सोडायला तयार नव्हता. "बाप्तिस्मा अन् प्रभुभोजन का बंद केलं ते सांग."

"आपल्या लोकांत निम्मे कालचे दारुडे. त्यांच्या ओठाला द्राक्षारस लावायचा? दुसरं, कॅथरीनबाईंनी 1859 लाच पुस्तिका लिहिली होती, की बाईनंही उपदेश करावा. मुक्तिफौजेत बाई कॅप्टन होते, मेजर होते. तिच्या हातचं प्रभुभोजन त्या काळी कुणी घेतलं असतं? आणि तिसरं खरं कारण. पाणी पडलं की माणसाला वाटतं, सुटलो. आतून बदलला का, हे कोण बघतो? येशूशेजारी क्रुसावर टांगलेल्या, तरी स्वर्गात गेलेल्या चोराला कुणी पाणी घातलं होतं, जॉर्ज?"

"प्रभूनं स्वतः यार्देन नदीत बाप्तिस्मा घेतला ना पण!" जॉर्जचा आवाज चढला. ज्याच्या पॅरिशचं नावच बाप्तिस्मा देणाऱ्या योहानाचं, त्याला हे पचणार कसं? खोटं कशाला सांगू, मलाही जॉर्जचंच पटत होतं. विधी नसलेला धर्म आठ दिवसांत व्याख्यानमाला होतो.

"बाकी श्रद्धा तुझ्यामाझ्यात फार लांब नाहीत," शमू म्हणाला. "आमची अकरा तत्त्वं आहेत. पवित्र शास्त्र, त्रैक्य, येशूनं सगळ्या जगासाठी प्रायश्चित्त केलं, पश्चात्तापानं उद्धार, मग पवित्र जीवन. सभेत पुढं एक बाक असतो. ज्याला रडायचंय त्यानं तिथं गुडघे टेकायचे."

मिलिंद इतका वेळ गप्प होता. "इथं आले कसे?"

"19 सप्टेंबर 1882, मुंबई बंदर. पुढारी फ्रेडरिक टकर. पंजाबातली आयसीएसची नोकरी सोडून आलेला. पोलिस मोठ्या फौजेची वाट बघत होते म्हणतात. उतरले चार, त्यात एक बाई. टकरनं भगवे कपडे घातले, अनवाणी फिरला, भिक्षा मागून जेवला, फकीर सिंग नाव घेतलं. रस्त्यावर मिरवणूक काढली म्हणून गोऱ्या सरकारनंच त्यांना आत टाकलं. तिकडून कलकत्त्याहून ब्राह्मो समाजाचे केशवचंद्र सेन त्यांच्या बाजूनं उभे राहिले."

"आणि पुढं त्याच सरकारशी जमवून घेतलं," मिलिंद म्हणाला. "1871 चा गुन्हेगार जमातींचा कायदा. जन्मानं चोर ठरवलेली माणसं वसाहतीत कोंडायची, रोज हजेरी. 1908 पासून उत्तरेत त्या वसाहती चालवायला कुणी घेतल्या? ह्याच टकरनं. आंध्रातलं स्टुअर्टपुरम तसंच वसलं. सूप, साबण आणि उद्धार हे ह्यांचं ब्रीद म्हणे! हजेरीपटही सांगा की. 1952 ला कायदा गेला, शिक्का गेला का?"

मला वाटलं शमू उसळेल. तो तंबाखूतला चुना बोटानं सारखा करत राहिला. "ते चुकलंच. चुलते म्हणायचे, सरकारचा पैसा घेतला की सरकारचा पहारा करावा लागतो. पण मिल्या, आमच्या आज्याला देवळाच्या पायरीवर कुणी उभं केलं नव्हतं. त्याच्या शेजारी पहिल्यांदा मांडी घालून जेवला तो ह्यांचाच माणूस."

मिलिंदनं मान हलवली. होकार होता की नुसतीच मान, कळलं नाही. जयभीमवाल्या घरातला तो. त्याच्या आजोबांनी वेगळी वाट धरली होती, आणि ती दोघांमधली जुनी चर्चा आहे.

वातावरण जड झालं तसा बाळ्यानं कटिंग मागवला. "ते नगरचं बूथ हॉस्पिटल ह्याच बूथचं ना? कोविडमध्ये फार नाव झालं त्याचं."

"त्याच्या पोरीच्या नावाचं. इव्हँजेलिन बूथ. 1934 ला पहिली बाई जनरल झाली ती."

जॉर्जनं शेवटचा प्रयत्न केला. "पाणी नाही, मग माणूस तुमच्यात आला हे ठरतं कशावरून?"

"झेंड्याखाली उभं राहून कागदावर सही करायची. विश्वास अमुक अमुक, आणि दारू नाही, तंबाखू नाही, जुगार नाही. मग तो सैनिक."

"आणि तू कधी केलीस सही?"

शमूनं तळव्यावर दोन थापा मारल्या, भुकटी उडवली, चिमूट ओठात सारली आणि तलावाकडं बघत बसला.

"चुलते दर नाताळाला तेच विचारायचे," तो जरा वेळानं म्हणाला.