‘चलन भरू नका, गप्प बसा’ : फिरणाऱ्या मेसेजला मुद्देसूद उत्तर

गेले काही दिवस कोल्हापुरातल्या ग्रुपांवर एक लांबलचक मेसेज फिरतोय. तालमीचा ग्रुप असो, सोसायटीचा असो, नाहीतर शाळेच्या पालकांचा, सगळीकडं तोच. त्याचं म्हणणं थोडक्यात असं : ई-चलन म्हणजे नुसता मोबाईलवरचा मेसेज, त्याला कायद्यात किंमत नाही. सहा महिने गप्प बसलं की ते आपोआप रद्द होतं. फारच भीती वाटत असेल तर लोकअदालतीची वाट बघा, तिथं निम्म्यात मिटतं. भरलंच तर विषय तिथंच संपला. कॅमेऱ्याचं चलन गाडीवर असतं, लायसनवर नाही, त्यामुळं तुमच्या नावावर काही चढत नाही. दिवसात एक चलन झालं की रात्री बारापर्यंत दुसरं होत नाही. कागदपत्रांचे फोटो मोबाईलमध्ये असले की बास. आणि शेवटी, ‘आपलं चलन तपासण्यासाठी खालील लिंक दाबा, जनहितार्थ पुढं पाठवा.’

मी इथल्या न्यायालयात वकिली करतो. हा मेसेज पुढं करून ‘वकीलसाहेब, खरं हाय का हो हे?’ असं विचारणारे सारखे भेटतात. यातली दोन-तीन वाक्यं अर्धी खरी आहेत, म्हणूनच माणसं फसतात. एकेक मुद्दा घेतो.

‘ई-चलन म्हणजे नुसता मेसेज’

साफ चूक. मोटार वाहन कायदा १९८८ चा. २०१९ च्या दुरुस्तीनं त्यात कलम १३६ अ आलं आणि कॅमेरे, स्पीडगन यांच्या मदतीनं रस्त्यावर नजर ठेवण्याला थेट कायद्याचा आधार मिळाला. ऑगस्ट २०२१ मध्ये केंद्रीय नियमांत १६७ अ हा नियम घातला गेला. असं यंत्र कुठं बसवायचं, त्याला मान्यतेचं प्रमाणपत्र हवं, पुढं कॅमेरा आहे असा फलक हवा, पुराव्यात काय दिसायला हवं, हे सगळं त्यात आहे. म्हणजे दाभोळकर कॉर्नरला सिग्नल तोडला आणि कॅमेऱ्यानं टिपलं, तर समोर हवालदार उभा नव्हता हा बचाव होत नाही.

पण याच नियमांत तुमच्या बाजूचाही भाग आहे आणि मेसेज त्याबद्दल चकार शब्द काढत नाही. फोटोत गाडी आणि नंबर दिसला पाहिजे, तारीख, वेळ, ठिकाण असलं पाहिजे. वेगमर्यादा आणि धोकादायक चालवणं (कलम १८३ आणि १८४) यांच्या खटल्यासाठी तर कलम २०९ ची अट आहे : जागेवरच समज दिलेली असावी, नाहीतर १४ दिवसांत नोटीस निघालेली असावी, नाहीतर २८ दिवसांत समन्स. मालकाचं नाव-पत्ता प्रयत्न करूनही मिळाला नसेल, तर याला अपवाद आहे. हे मुद्दे मांडायचे तर चलन उघडून वाचावं लागतं. गप्प बसलेल्या माणसासाठी ते कुणी मांडत नाही.

‘सहा महिन्यांनी आपोआप रद्द’

सगळ्यात जास्त माणसं इथं अडकतात, कारण सहा महिन्यांचा आकडा हवेतून आलेला नाही. ज्या गुन्ह्याला फक्त दंड आहे, त्याची दखल न्यायालयानं सहा महिन्यांनंतर घेऊ नये, असं जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम ४६८ सांगायचं. १ जुलै २०२४ पासून तेच भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ५१४ मध्ये आहे. इथपर्यंत मेसेज बरोबर.

पुढचं ऐका. एक, ही मुदत न्यायालयात प्रकरण दाखल होण्याची आहे, समन्स तुमच्या दारात पोचण्याची नाही. सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठानं २०१३ मध्येच हे स्पष्ट केलं आहे. पाचव्या महिन्यात प्रकरण दाखल झालं आणि समन्स आठव्या महिन्यात आलं, तर मुदत पाळली गेली. दोन, ज्या गुन्ह्याला एक वर्षापर्यंत कैद होऊ शकते, त्याला मुदत एक वर्षाची. विनालायसन चालवणं, विमा नसणं, पहिल्यांदा दारू पिऊन चालवणं हे सगळं त्यात बसतं. तीन, विलंबाचं कारण पटलं तर मुदत वाढवून द्यायचा अधिकार न्यायालयाला आहे. आणि चौथी गोष्ट रोजच्या व्यवहारातली : सहा महिने झाले म्हणून पोर्टलवरची थकबाकी आपली आपण पुसली जात नाही. गाडी विकायला काढली की घेणारा पहिल्यांदा तेच बघतो आणि आरटीओतलं काम अडू शकतं. मुदत संपल्याचा मुद्दा खरोखर तुमच्या बाजूनं असेल तर तो न्यायालयापुढं मांडा. तो हक्काचा बचाव आहे, पण मांडल्याशिवाय मिळत नाही.

‘भरलं की विषय संपला, आणि चलन गाडीवर असतं, लायसनवर नाही’

मला सगळ्यात जास्त बोलायचं आहे ते यावर. आपल्याकडं चलन म्हणजे पाचशे रुपयांचा प्रश्न, एवढंच बघितलं जातं. महाराष्ट्रात डिसेंबर २०२१ पासून वाढीव दर लागू झाले, तेव्हाही चर्चा झाली ती फक्त रकमेची.

मोटार वाहन कायद्याचं कलम २०० काढून वाचा. तडजोडीची रक्कम, म्हणजे खटल्याऐवजी चलनात भरायचा दंड, भरली की त्या गुन्ह्याबद्दल पुढं खटला चालत नाही, हे खरं. पण २०१९ मध्ये त्याला दोन शेपट्या जोडल्या गेल्या. रक्कम भरून मिटवलेला गुन्हासुद्धा ‘आधी केलेला गुन्हा’ म्हणून धरला जातो. म्हणजे पुढच्या वेळी तुम्ही पहिल्यांदा चुकलेले राहत नाही. विमा नसल्याबद्दल पहिल्या वेळी दोन हजार, दुसऱ्या वेळी चार हजार. किरकोळ नियमभंगाच्या कलम १७७ मध्ये पाचशेचे पंधराशे होतात. धोकादायक चालवणं तीन वर्षांत पुन्हा झालं, तर दहा हजार दंड आणि कैदही होऊ शकते.

दुसरी शेपटी जास्त महत्त्वाची. पैसे भरले तरी कलम २०६(४) खालची लायसनवरची कारवाई टळत नाही. वेगमर्यादा, धोकादायक चालवणं, दारू, ट्रिपल सीट, हेल्मेट, रुग्णवाहिकेला वाट न देणं, यांत पोलीस लायसन ताब्यात घेऊन आरटीओकडं पाठवू शकतात. आरटीओ म्हणणं ऐकून घेऊन पहिल्या वेळी तीन महिने अपात्र ठरवू शकतं, दुसऱ्या वेळी लायसनच रद्द करू शकतं. हेल्मेटच्या कलमात तर तीन महिन्यांची अपात्रता शब्दशः लिहिलेली आहे. आपल्याकडं परदेशासारखे पॉइंट नाहीत म्हणून रेकॉर्डच नाही, हा समज काढून टाका. निलंबन ‘सारथी’ या प्रणालीत लायसनसमोर नोंदवलं जातं.

शिरोलीला किंवा गोकुळ शिरगावला कंपनीची गाडी चालवणाऱ्याला विचारा, तीन महिने स्टिअरिंगपासून लांब राहणं म्हणजे काय. त्या काळात गाडी चालवताना सापडला तर कलम १८२ खाली दहा हजार दंड किंवा तीन महिन्यांपर्यंत कैद, किंवा दोन्ही. म्हणून आरटीओची कारणे दाखवा नोटीस आली तर ती ड्रॉवरमध्ये टाकू नका. सुनावणीला ताराबाई पार्कात स्वतः जा, तुमचं म्हणणं लेखी द्या आणि त्याची पोच घ्या. आदेश विरुद्ध गेला तर ३० दिवसांत अपील करता येतं.

आता ‘चलन गाडीवर असतं’ याबद्दल. कॅमेऱ्याला नंबर दिसतो, माणूस ओळखू येत नाही, म्हणून चलन मालकाच्या नावानं येतं, एवढंच. गाडी कोण चालवत होतं हे विचारलं तर त्याचं नाव, पत्ता, लायसनची माहिती देणं कलम १३३ प्रमाणं मालकाला बंधनकारक आहे. आणि चालवणारं पोरगं अठराच्या आतलं निघालं, तर कलम १९९ अ पालकाला किंवा मालकालाच दोषी धरतं : तीन वर्षांपर्यंत कैद, २५ हजार दंड, गाडीची नोंदणी बारा महिने रद्द, आणि पोराला पंचविशीपर्यंत लायसन नाही. राजारामपुरीत क्लास सुटायच्या वेळी उभं राहून बघा, दहावीची किती पोरं मोपेडवर बसून निघतात. त्यांच्या आईबापांच्या मोबाईलवरही हा मेसेज आहे.

गाडी विकलेल्यांनी तर फारच जपायला पाहिजे. चुलत्याच्या मित्राला बुलेट दिली, पैसे घेतले, मालकी बदलण्याच्या फॉर्म २९ आणि ३० वर सह्या करून त्याच्याच हातात ठेवले, त्यानं ते आरटीओत दिलेच नाहीत. असं असेल तर कायद्याच्या नजरेत मालक अजून तुम्हीच. राज्यातल्या राज्यात विक्री असेल तर विकणाऱ्यानं १४ दिवसांत आरटीओला कळवायचं असतं. ते तुम्ही स्वतः कळवा आणि पोच जपून ठेवा.

चलन चुकीचं असेल तर?

मेसेज सगळ्यांनाच गप्प बसायला सांगतो, त्यात खरा तोटा होतो तो ज्यांची चूकच नाही त्यांचा. मंगळवार पेठेतल्या एक मावशी आल्या होत्या. त्यांची स्कूटर शहराबाहेर कधी जात नाही, आणि चलन पुण्याचं, तेही ट्रिपल सीटचं. ‘कटकट नको, भरून टाकते’ म्हणत होत्या. चलनातला फोटो मोठा करून बघितला तर त्यात काळी मोटरसायकल, मागं तीन तरुण पोरं, आणि नंबरप्लेटवरच्या एका आकड्याला असं वळण दिलेलं की तीनचा आठ वाचला जावा. मावशींनी ते भरलं असतं तर ट्रिपल सीटचा गुन्हा त्यांच्या नावावर बसला असता, आणि वर सांगितल्याप्रमाणं तो पुढं मोजला गेला असता.

अशा वेळी महाट्रॅफिकच्या सरकारी साइटवर किंवा ॲपवर गाडीचा नंबर आणि चासी किंवा इंजिन नंबरचे शेवटचे चार आकडे टाकून चलन उघडा. फोटो जपून ठेवा. तक्रारीची सोय तिथंच आहे. आरसी, गाडीचा पुढून-मागून फोटो, आणि त्या वेळी गाडी कुठं होती याचा पुरावा जोडा : पेट्रोलची पावती, कामावरची हजेरी, सोसायटीच्या कॅमेऱ्याचं चित्रण, चारचाकी असेल तर फास्टॅगचं स्टेटमेंट. चित्रण आठवड्या-दोन आठवड्यांत पुसलं जातं, तेवढं पहिल्या दिवशीच मागून घ्या. तक्रार क्रमांक लिहून ठेवा, आणि उत्तर आलं नाही तर वाहतूक शाखेत लेखी अर्ज देऊन शिक्का मारून पोच घ्या. तुमचाच नंबर दुसऱ्या गाडीवर लावलेला दिसला, तर चलनाच्या तक्रारीवर थांबू नका, पोलीस ठाण्यात फिर्याद द्या. त्या गाडीनं उद्या अपघात केला तर तुमच्या हातात तारखेचा कागद पाहिजे.

‘लोकअदालतीत निम्म्यात मिटतं’

लोकअदालत चांगलीच आहे, विधी सेवा प्राधिकरण कायद्यानं (१९८७) तिला कायदेशीर दर्जा दिला आणि असंख्य माणसांची त्यात सोय झाली. पण निम्म्यात मिटवून घेण्याचा हक्क कुठल्याही कलमात नाही. तेलंगणानं मार्च २०२२ मध्ये आणि कर्नाटकनं फेब्रुवारी २०२३ मध्ये थकीत चलनांवर सवलत जाहीर केली होती. ती त्या सरकारांची योजना होती आणि ठरावीक दिवसांपुरती होती. निपाणी-बेळगावच्या पाहुण्यांकडून ते मेसेज इकडं आले, राज्याचं नाव वाटेत गळलं. आपल्या भागात लोकअदालतीची सूचना आली आणि तुमचं चलन खरं असेल, तर जरूर जा, रक्कम कमी झाली तर चांगलंच. दारू पिऊन चालवल्याचं प्रकरण मात्र तडजोडीच्या यादीतच नाही, ते तिथं मिटत नाही. आणि चलन खोटं असेल तर आधी विचार करा. लोकअदालतीतला निवाडा अंतिम असतो, त्यावर अपील नाही. तिथं मिटवलंत की बचावही संपला.

‘दिवसात एकच चलन’ ही सूट मोटार वाहन कायद्यात कुठंही नाही. सकाळी व्हीनस कॉर्नरला आणि संध्याकाळी सायबर चौकात सिग्नल तोडला तर ते दोन गुन्हे.

कागदपत्रांबद्दल अर्धं खरं. ऑक्टोबर २०२० पासून लागू असलेल्या नियमांत लायसन, आरसी, विमा, पीयूसी इलेक्ट्रॉनिक रूपात दाखवता येतात. पण ती डिजिलॉकर किंवा एमपरिवहन या सरकारी ॲपमधली हवीत. गॅलरीतला फोटो पडताळता येत नाही, तो चालत नाही.

राहिली ती शेवटची लिंक. सरकारी संकेतस्थळाचा पत्ता ‘गव्ह डॉट इन’वर संपतो. चलनाच्या नावानं व्हॉट्सॲपवर एपीके (मोबाईलमध्ये ॲप बसवणारी) फाइल आली तर ती उघडू नका. अशा फाइलमधून मोबाईलवरचे ओटीपी परस्पर वाचले जातात आणि खातं रिकामं होतं. चुकून दाबलं गेलं असेल तर मोबाईलचं इंटरनेट बंद करा, दुसऱ्या फोनवरून लगेच १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला कळवा आणि बँकेला सांगून खातं थांबवून घ्या.